वाळूतली परी आणि बाबिलोनची राणी : इंग्रजी बालकादंबरीतील जादूचा इतिहास

वाङ्मयाच्या इतिहासात बालवाङ्मयाला जागा मिळते ती बहुधा शेवटच्या प्रकरणात. त्यातही जादू, संकटे आणि गुप्त रहस्ये यांनी भरलेल्या कादंबरीचा उल्लेख झालाच, तर तो क्षमायाचनेच्या सुरात होतो. मुलांना अशा गोष्टी आवडतात, पुढे ती मोठी होतात आणि शहाणी होतात, असा त्या सुराचा आशय असतो. परंतु एखाद्या समाजाने आपल्या मुलांसाठी कोणत्या प्रकारची जादू कल्पिली, ती जादू कोठून आणली आणि तिची किंमत कोणाला मोजावयास लावली, हे पाहिले असता त्या समाजाच्या अंतःकरणाचा जो ठाव लागतो तो प्रौढ कादंबरीवरून नेहमीच लागेल असे नाही. या दृष्टीने इंग्रजी बालकादंबरीच्या इतिहासातील १९०२ ते १९०६ हा लहानसा कालखंड विशेष अभ्यासनीय आहे. या चार-पाच वर्षांत ईडिथ नेस्बिट या लेखिकेने आधुनिक जादूकादंबरीचे नियम घालून दिले. आणि ते घालून देत असतानाच, साम्राज्याच्या राजधानीत बसून, एक फार अवघड प्रश्न मुलांच्या तोंडून विचारून ठेवला.

नेस्बिटच्या पूर्वी इंग्रजीत मुलांसाठी अद्भुत लिहिले गेले नव्हते असे नाही. चार्ल्स किंग्जलीचे 'वॉटर बेबीज' १८६३ साली व लुई कॅरोलची 'अॅलिस' १८६५ साली प्रसिद्ध झाली. जॉर्ज मॅक्डोनाल्डची राजकन्या आणि भूगर्भातील गॉब्लिन यांची कथा १८७२ सालची. पण या सर्व कथांत अद्भुताचे राज्य वेगळे आहे. तेथे जाण्यासाठी बिळातून पडावे लागते, नदीत बुडावे लागते, किंवा मुळातच राजकन्या म्हणून जन्मावे लागते. दुसऱ्या बाजूस साहसकथेची परंपरा होती. स्टीव्हन्सनची 'ट्रेझर आयलंड' १८८३ साली पुस्तकरूपाने आली आणि पुरलेला खजिना व गुप्त नकाशा ही जोडी तिने इंग्रज मुलांच्या मनात कायमची रुजविली. मात्र त्या साहसात जादूला वाव नव्हता. अद्भुत आणि साहस हे दोन प्रवाह असे बाजूबाजूने वाहत होते. त्यांचा संगम घडवून आणण्याचे श्रेय प्रामुख्याने नेस्बिटकडे जाते.

ही बाई होती तरी कोण? तिचा जन्म १५ ऑगस्ट १८५८ रोजी लंडनमध्ये झाला. वडील कृषिविद्येचे अध्यापक होते. ती चार वर्षांचीही झाली नव्हती तोच ते वारले. १८८० साली ह्यूबर्ट ब्लँड यांच्याशी तिचा विवाह झाला आणि संसाराच्या आरंभीच घर चालविण्यासाठी तिला लेखणी हाती धरावी लागली. १८८४ च्या जानेवारीत लंडनमध्ये फेबियन सोसायटी ही समाजवादी संस्था स्थापन झाली, तिच्या संस्थापकांत हे दांपत्य होते. बर्नार्ड शॉ, एच. जी. वेल्स अशी मंडळी तिच्या घरी येत. आपल्या एका मुलाचे नावच तिने फेबियन ठेविले होते. १९०० साली, वयाच्या पंधराव्या वर्षी, तो मुलगा एका साध्या शस्त्रक्रियेनंतर दगावला. त्यानंतर दोनच वर्षांनी तिच्या जादूकादंबऱ्यांना प्रारंभ झाला. या दोन घटनांचा कार्यकारणसंबंध जोडण्याचे धाडस आम्ही करणार नाही. इतके मात्र म्हणता येईल की इच्छा आणि तिची पूर्ती यांविषयी सोप्या भ्रमात राहण्याचे वय त्या लेखिकेने केव्हाच ओलांडले होते.

'फाइव्ह चिल्ड्रन अँड इट' ही कादंबरी १९०२ साली आली. शेरलॉक होम्सच्या कथा ज्या 'स्ट्रँड' मासिकात येत, त्याच मासिकातून ती प्रथम क्रमशः प्रसिद्ध झाली. सिरिल, अँथिया, रॉबर्ट, जेन आणि 'कोकरू' या लाडक्या नावाचे तान्हे भावंड अशी ही पाच मुले. केंटमधील एका घराजवळच्या रेतीच्या खाणीत खेळता खेळता त्यांना एक विलक्षण प्राणी सापडतो. त्याचे डोळे गोगलगाईसारखे लांब दांड्यांवर, कान वटवाघळासारखे, पोट कोळ्यासारखे वाटोळे, आणि स्वभाव एखाद्या चिडखोर पेन्शनरासारखा. हा 'सॅमीअॅड', म्हणजे वाळूतली परी. दररोज एक इच्छा तो पूर्ण करील, पण सूर्यास्तासरशी तिचे फळ नाहीसे होईल, हा करार ठरतो.

या करारात आधुनिक जादूकादंबरीचे अर्धे शास्त्र आले आहे. मुले सौंदर्य मागतात, तर घरची दाई त्यांना ओळखीत नाही आणि दिवसभर उपाशीपोटी बाहेर राहावे लागते. सोने मागतात, तर सारी खाण जुन्या गिनी नाण्यांनी भरून जाते. पण ती नाणी बाजारात कोणी घेत नाही आणि शेवटी पोलिसाशी गाठ पडते. पंख मागतात, तर सूर्यास्ताच्या वेळी चर्चच्या मनोऱ्यावर अडकून पडतात. येथे संकट राक्षसाकडून येत नाही, ते मागणाऱ्याच्याच जिभेवरून येते. भस्मासुराची कथा ऐकत वाढलेल्या मराठी वाचकास हे तत्त्व नवे वाटणार नाही. वर देणारा भोळा असो की तिरसट, वर मागणाऱ्याची परीक्षा त्याच्या मागण्यातच होऊन जाते. नेस्बिटने या सनातन तत्त्वाला हिशेबाची शिस्त लाविली, हे तिचे वैशिष्ट्य. तिच्या जादूला वेळापत्रक आहे, मर्यादा आहे, पळवाटा आहेत. म्हणून वाचणारे मूल केवळ थक्क होत नाही, ते विचार करू लागते. आपण असतो तर काय मागितले असते, हा प्रश्न प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी त्याच्यापुढे उभा राहतो.

येथे एका गोष्टीकडे लक्ष वेधणे अवश्य आहे. घरच्या नोकरांना जादूची फळे दिसू नयेत, अशी तजवीज मुले सॅमीअॅडकडून करून घेतात. कथेच्या सोयीसाठी ही युक्ती उत्तम. पण या सोयीचा अर्थ असा की जादू ही मालकांच्या मुलांची मिरास आहे. समाजवादी लेखिकेच्या हातून हे सहज घडून गेले. पुढच्या, म्हणजे १९०४ सालच्या 'फिनिक्स अँड द कार्पेट' या कादंबरीत एक स्वयंपाकीण जादूच्या गालिच्यावरून दूरच्या बेटावर जाते आणि तेथील लोकांची राणी होऊन बसते. लंडनच्या मुदपाकखान्यात परतण्याची तिला इच्छाच उरत नाही. या प्रसंगात एकीकडे इंग्रज मोलकरणीच्या कष्टांची खरी जाणीव आहे, तर दुसरीकडे गोरी बाई दिसताच तिला सिंहासन देणारे रानटी लोक ही साम्राज्याची ठरीव कल्पना आहे. दोन्ही एकाच वाक्याच्या ओघात नांदतात. नेस्बिटची थोरवी आणि तिची मर्यादा यांचा असाच शेजार तिच्या सर्व लेखनात आढळतो.

आता या जादूचे माहेर कोणते, हा प्रश्न घेऊ. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून इंग्रजी कथेत जादूची वस्तू शोधू गेल्यास तिच्यावर बहुधा हिंदुस्थानचा शिक्का आढळतो. विल्की कॉलिन्सच्या 'मूनस्टोन' (१८६८) मधील हिरा १७९९ साली श्रीरंगपट्टणच्या लुटीत चोरलेला आहे. एफ. अॅन्स्टी याच्या 'व्हाइस व्हर्सा' (१८८२) या कादंबरीत बाप आणि मुलगा यांच्या देहांची अदलाबदल करणारा खडा हिंदुस्थानातून आलेला असून त्याचे नावच गरुडाचे आहे. नेस्बिटची सॅमीअॅड ज्या १९०२ साली अवतरली त्याच वर्षी डब्ल्यू. डब्ल्यू. जेकब्ज याची 'मंकीज पॉ' ही भयकथा प्रसिद्ध झाली. तीन इच्छा पुरविणारा तो माकडाचा पंजा हिंदुस्थानातील एका फकिराने मंत्रून ठेविलेला आणि एका शिपायाने इंग्लंडात आणलेला. नेस्बिटच्याच 'ट्रेझर सीकर्स' (१८९९) मध्ये खजिना शोधणाऱ्या गरीब मुलांचे दैन्य फिटते ते हिंदुस्थानातून परतलेल्या श्रीमंत काकांमुळे. फ्रान्सिस हॉजसन बर्नेटच्या 'अ लिटल प्रिन्सेस' (१९०५) मध्ये माळ्यावर उपाशी झोपणाऱ्या मुलीची खोली एका रात्रीत उबदार करून टाकणारा माणूस रामदास नावाचा हिंदी सेवक आहे. तर तिच्याच 'सीक्रेट गार्डन' (१९११) ची नायिका हिंदुस्थानात पटकीने आईबाप गेल्यावर इंग्लंडला येते आणि कुलूपबंद बागेचे रहस्य उलगडते. 'फिनिक्स'मधील मुलेही धर्मादाय विक्रीसाठी हिंदी वस्तू हव्या म्हणून गालिच्यावरून थेट हिंदुस्थानात एका राणीच्या महालात उतरतात, तिला आपल्या साहसांच्या गोष्टी सांगतात आणि भेटवस्तू घेऊन परततात.

ही यादी मुद्दाम दिली आहे. गुप्त धन आपल्या परसात सापडावे ही मुलांची इच्छा सार्वत्रिक आहे. पण इंग्रज मुलाच्या कथेत ते धन दूर देशातून आलेले असते आणि ते तेथून कसे आले हे विचारण्याची रीत नसते. कॉलिन्सने ते विचारले होते, म्हणून त्याच्या कादंबरीच्या अखेरीस हिरा सोमनाथाच्या मूर्तीकडे परत जातो. मात्र ती प्रौढांची कादंबरी. मुलांच्या कादंबरीत हा प्रश्न स्पष्टपणे विचारला गेला तो १९०६ साली, नेस्बिटच्या 'स्टोरी ऑफ द अॅम्युलेट' या पुस्तकात.

या कादंबरीत मुलांचे वडील युद्धवार्ताहर म्हणून मांचुरियात गेले आहेत. आई प्रकृतीसाठी तान्ह्या कोकरासह मदीरा बेटावर आहे. चारही मुले लंडनमध्ये ब्रिटिश म्युझियमच्या जवळ, जुन्या दाईच्या घरी राहतात. त्यांना एक प्राचीन ताईत मिळतो, पण तो अर्धाच आहे. पूर्ण ताईत हाती आला तर मनीचा हेतू सिद्धीस जाईल, आणि आईबाप घरी परत येणे यापलीकडे त्यांचा दुसरा हेतू नाही. दुसरा अर्धा भाग शोधण्यासाठी ती तायताच्या कमानीतून गतकाळात शिरतात : आठ हजार वर्षांपूर्वीचा इजिप्त, बाबिलोन, अटलांटिस, सीझरची छावणी. येथे साहसकथेतील खजिन्याची जागा इतिहासाने घेतली आहे, हा या पुस्तकाचा मोठा शोध. पुस्तक रचताना नेस्बिटने ब्रिटिश म्युझियममधील प्राच्यविद्यापंडित वॉलिस बज यांचे साहाय्य घेतले होते आणि ते त्यांनाच अर्पण केले आहे. त्याच वर्षी, त्याच 'स्ट्रँड' मासिकात, मुंबईत जन्मलेल्या रड्यार्ड किप्लिंगच्या 'पक ऑफ पूक्स हिल'च्या कथा येत होत्या; त्यांतही मुलांना इतिहास भेटतो. पण किप्लिंगचा इतिहास इंग्लंडच्या मातीतून उगवतो आणि त्या मातीवरील हक्क दृढ करतो. नेस्बिटचा इतिहास लंडनला प्रश्न विचारावयास येतो.

तो प्रश्न विचारणारी आहे बाबिलोनची राणी. मुलांच्या मागोमाग ती लंडनला येते आणि म्युझियममधील काचेच्या कपाटांत तिला आपलेच दागिने दिसतात. ती अर्थातच ते मागते. अधिकारी अर्थातच देत नाहीत. राणी बाहेर घालविली जाते; मग ती अंगणात उभी राहून आपल्या साऱ्या वस्तू बाहेर याव्यात अशी इच्छा करते, आणि दगडी बैलांपासून दागिन्यांपर्यंत सर्व बाबिलोनी वैभव म्युझियमच्या दारातून तिच्याकडे चालत येते. हा प्रसंग हास्यरसाचा आहे. एक वार्ताहर तर हा सारा थिऑसफीचा चमत्कार समजून, ही बाई म्हणजे मिसेस बेझंट का, असे विचारतो आणि गोंधळलेली जेन होकार देऊन बसते. अॅनी बेझंट ही फेबियन संस्थेतील नेस्बिटची एके काळची सहकारी. १८९३ साली ती हिंदुस्थानात आली आणि १९१७ साली काँग्रेसची अध्यक्ष झाली. लेखिकेने हा विनोद जुन्या मैत्रिणीच्या थट्टेसाठी केला असेल; आज तो वाचताना त्यात वेगळाच अर्थ उमटतो. हसता हसता वाचकाच्या लक्षात येते की राणीचे म्हणणे खोडून काढण्याजोगा एकही युक्तिवाद या पुस्तकात कोणी केलेला नाही.

राणी तेवढ्यावर थांबत नाही. लंडनच्या पूर्व भागातील कष्टकऱ्यांचे चेहरे पाहून तुमचे गुलाम इतके हीनदीन कसे, असे ती विचारते. हे गुलाम नव्हेत, यांना मताधिकार आहे, असे मुले समजावू लागतात. पण मत म्हणजे काय आणि त्याने पोट कसे भरते हे त्यांना तिला पटविता येत नाही. मग राणी त्या सर्वांच्या हाती पोटभर अन्न यावे अशी इच्छा करते आणि ती इच्छा तत्काळ पूर्ण होते. पुढे याच पुस्तकात इमोजेन नावाची एक पोरकी मुलगी भेटते. तिच्या नशिबी आता अनाथांचे वर्कहाऊस आहे. तिला हवेसे वाटेल असे घर शोधावे अशी इच्छा व्यक्त होते, आणि जादू तिला नेऊन सोडते ती दोन हजार वर्षांपूर्वीच्या ब्रिटनमध्ये, एका मूल हरवलेल्या आईच्या कुशीत. साऱ्या आधुनिक लंडनमध्ये तिला एकही घर नव्हते, हे लेखिकेने शब्दांत सांगितलेले नाही. सांगण्याची गरजही नव्हती. १९०९ सालच्या 'हार्डिंग्ज लक' या कादंबरीत तिने हाच विचार शेवटास नेला. डेप्टफर्डच्या गलिच्छ वस्तीतील लंगडा डिकी भूतकाळात सुदृढ आणि कुलीन असतो, आणि अखेर तो तेथेच राहण्याचे ठरवितो.

अद्भुत कादंबऱ्या मुलांना वास्तवापासून पळवून नेतात, हा आक्षेप जुना आहे. नेस्बिटच्या बाबतीत तो उलटा करून पाहावा लागतो. तिच्या कथेत पळून जाण्याची सोय आहे, पण ज्याला पळून जावे लागते त्याच्या मागे राहिलेले शहर आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहते. तिची जादू वास्तव झाकीत नाही; ती वास्तवाची झडती घेते. अर्थात या झडतीत तिचे स्वतःचे पूर्वग्रह सुटून जातात, हेही नोंदविले पाहिजे. राणीच्या लंडनभेटीतच शेअरबाजारातील ज्यू दलालांचे जे विडंबन आहे ते आज वाचवत नाही. ज्या लेखणीने म्युझियमची कपाटे उघडली, तिला शेजारच्या माणसाविषयीचा द्वेषाचा संस्कार मात्र दिसला नाही.

नेस्बिट ४ मे १९२४ रोजी वारली. तिचा वारसा पुढे कसा चालला, हे पाहणे उद्बोधक आहे. सी. एस. लुईस याने १९५५ साली प्रसिद्ध केलेल्या आत्मचरित्रात, प्राचीनतेची पहिली जाणीव आपल्याला तायताच्या कथेने दिली, हे ऋण मान्य केले आहे. त्याच वर्षीच्या त्याच्या 'मॅजिशियन्स नेफ्यू' या नार्नियाकथेत दुष्ट राणी लंडनमध्ये येऊन धुमाकूळ घालते. ती बाबिलोनच्या राणीची सरळ वंशज आहे. जादूची माती तेथे अटलांटिसहून आलेली आहे, आणि नायक डिगरीचे वडील, पुन्हा एकदा, हिंदुस्थानात आहेत. डिगरीची आई मरणपंथास लागली आहे आणि तिला वाचवील असे फळ त्याच्या हाताशी आहे. ते चोरून न्यावे की दिलेला शब्द पाळावा, ही त्याची कसोटी. लुईसची स्वतःची आई १९०८ साली, तो नऊ वर्षांचा असताना, वारली होती. इच्छा आणि किंमत यांचा नेस्बिटने मांडलेला हिशेब येथे अत्यंत गंभीर झाला आहे. मात्र राणीने मागितलेल्या हक्काचे काय झाले? लुईसच्या राणीचा हक्कच नाहीसा झाला. ती केवळ दुष्ट उरली. वारसदाराने जादू घेतली, प्रश्न सोडून दिला. १९९७ साली हॅरी पॉटरची पहिली कादंबरी प्रसिद्ध करणाऱ्या जे. के. रोलिंग यांनीही नेस्बिटशी आपले नाते सांगितले आहे. घरगुती जगात शिरणारी नियमबद्ध जादू ही त्या परंपरेची खूण त्यांच्याकडे स्पष्ट दिसते. त्या कादंबरीच्या मराठी नावात 'परीस' हा आपला जुना शब्द बसला, हे सुखद आहे.

आपल्याकडे काय घडत होते? विनायक कोंडदेव ओक यांचे 'बालबोध' १८८१ साली निघाले. वासुदेव गोविंद आपटे यांचे 'आनंद' मासिक १९०६ साली, म्हणजे तायताची कथा पुस्तकरूपाने आली त्याच वर्षी सुरू झाले. चमत्कार ही वस्तू मराठी मुलास परकी नव्हती. वेताळपंचविशी होती, सिंहासनबत्तिशी होती, चिपळूणकर पितापुत्रांनी मराठीत आणलेल्या अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी होत्या. १९१३ साली आलेल्या नाथमाधवांच्या 'वीरधवल'ने तर कितीतरी पोरांच्या झोपा उडविल्या. पण या कथांतील अद्भुत राजेरजवाड्यांच्या काळात नांदते. आपल्या परसातील वाळूच्या ढिगाऱ्यात ते सापडावे आणि त्याने आजच्या गावाची झडती घ्यावी, ही वाट नेस्बिटने दाखविली. ती वाट मराठी लेखकास आजही मोकळी आहे.

बृहन्महाराष्ट्रातील वाचकास तर तिचे एक टोक घराजवळच सापडेल. सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीत उभ्या राहिलेल्या वडोदऱ्याच्या संग्रहालयात आणि हैदराबादच्या राज्य पुराणवस्तुसंग्रहालयात इजिप्तमधून आलेली एकेक ममी काचेआड निजलेली आहे. शाळेच्या सहलीत मुले ती डोळे विस्फारून पाहतात. आपल्या वस्तू लंडनच्या कपाटांत आहेत याची खंत आपणांस ठाऊक आहे. पण काचेच्या या बाजूस आपणही उभे असतो. त्या मुलांपैकी एखाद्याने, ही बाई येथे कशी आली आणि हिला घरी जावेसे वाटत नसेल का, असे विचारले तर त्यास गप्प करू नये. ज्या लेखकास त्या प्रश्नाचे उत्तर कथारूपाने द्यावेसे वाटेल, त्याच्या हाती मराठी जादूकादंबरीचा तायताचा दुसरा अर्धा भाग आला, असे आम्ही समजू.